गरम झाल्यावर बंद

माझ्या सासऱ्यांनी सगळी नोकरी वजनकाटे तपासण्यात काढली. ते दुकानात शिरले की दुकानदाराला घाम फुटायचा. निवृत्त झाल्यावर तेच काम त्यांनी घरात सुरू केलं. पडदा एका बाजूला दोन बोटं खाली आहे, दार लावताना आवाज फार होतो, चहा कालच्यापेक्षा पातळ आहे. पाठीमागे सगळे त्यांना 'काटा' म्हणायचे, त्यांची सख्खी मुलगी असलेली माझी बायकोसुद्धा. मला ते फारसे आवडत नसत. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढे जे झालं त्याला ही नावडही कारण आहे.

माझं गॅरेज आहे. दोन लिफ्ट, दोन कारागीर आणि मी. सासऱ्यांची गाडी अठरा वर्षांची, पण अशी ठेवलेली की दाराच्या बिजागरीलाही धूळ नाही. एका उन्हाळ्यात ते ती घेऊन आले.

"चालता चालता बंद पडते," ते म्हणाले. "काही आवाज नाही, धक्का नाही. एकदम गप्प. वीस-पंचवीस मिनिटं थांबलं की जणू काही झालंच नाही अशी सुरू होते."

मी गाडीतले दोष वाचणारं स्क्रीनचं यंत्र जोडलं. त्यात एकही दोष नोंदलेला नव्हता. चावी फिरवली, गाडी अर्ध्या फेरीत सुरू झाली. प्लग बदलले, पेट्रोलचा फिल्टर बदलला आणि पाठवून दिलं. आठवड्याने ते परत आले. मी बॅटरीची टोकं घासली, दहा मिनिटं गाडी जागेवर चालू ठेवली, ती छान घुरघुरत राहिली. तिसऱ्यांदा आले तेव्हा हातात घडी घातलेला कागद होता.

"यात सगळं लिहिलंय. कधी बंद पडली, किती वेळ चालवल्यावर, बाहेर ऊन किती होतं. वाचा."

माझ्या दोन्ही लिफ्टवर गाड्या होत्या. मी कागद टेबलाच्या खणात टाकला. "वाचतो. पण बाबा, गाडी ठणठणीत आहे. क्लचवरचा पाय लवकर सुटत असेल तुमचा."

माझे दोघे कारागीर खाली मान घालून हसले. ते त्यांनी पाहिलं.

"चाळीस वर्षं गाडी चालवतोय मी."

"म्हणूनच म्हणतो," मी म्हणालो.

हे बोलायची गरज नव्हती. पण 'काट्या'ला एकदा तरी चुकीचं ठरवायची संधी मिळाली होती, आणि मी ती सोडली नाही.

दहा दिवसांनी पुलाच्या उतारावर त्यांची गाडी कठड्यावर आदळली. शेजारी सासूबाई होत्या. सासऱ्यांच्या कपाळावर नुसता ओरखडा आला, सासूबाईंच्या खुब्याचं हाड मोडलं. दुसऱ्या कुणाला काही झालं नाही.

सासरे दवाखान्यात सारखं एकच सांगत होते. "इंजिन बंद पडलं. स्टिअरिंग वळेना. ब्रेक दगडासारखा झाला."

मेव्हणा शाळेत मुख्याध्यापक आहे, कुठेही उभा राहिला तरी समोर वर्ग भरल्यासारखा बोलतो. त्याने मला पॅसेजमध्ये बाजूला घेतलं, पण आवाज सगळ्यांना ऐकू जाईल एवढाच होता. "भाऊजी, तुम्ही गाडी तीनदा पाहिलीत. काही दोष होता?"

गाडी तोवर ओढून माझ्याकडे आणली होती. पुढचा दिवा आणि मडगार्ड चेपलं होतं. मी सहज चावी फिरवून पाहिली होती, आणि इंजिन पहिल्या झटक्यात सुरू झालं होतं.

"नाही," मी म्हणालो. "आताही सुरू होतेय."

बाकावर बसलेल्या सासऱ्यांनी मान वर केली, माझ्याकडे पाहिलं आणि पुन्हा खाली घातली.

त्यानंतर घरात एकच गोष्ट ठरली. वय झालं, दुपारची वेळ होती, डुलकी लागली. कुणी ओरडून बोललं नाही, सगळे समजुतीने बोलले, आणि ते जास्त वाईट होतं. "होतं असं, बाबा." "मान्य करण्यात कमीपणा नाही." पहिले दोन आठवडे ते भांडले. तिसऱ्या आठवड्यात मेव्हण्याच्या घरी सगळे जमलो असताना ते आपणहून म्हणाले, "लागली असेल डुलकी."

मेव्हण्याने त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. त्याच दिवशी लायसन्स त्याच्या कपाटात गेलं.

सासूबाई वॉकर घेऊन मेव्हण्याच्या तळमजल्यावरच्या घरी राहायला गेल्या, त्यांना जिने चढणं शक्य नव्हतं. सासरे दुसऱ्या मजल्यावरच्या त्यांच्या दोन खोल्यांत एकटे राहिले. मुलाने बोलावलं होतं, पण नीट नाही, आणि असल्या बोलावण्यातलं वजन त्यांना बरोबर कळायचं. नातवंडांना त्यांच्याकडे एकटं सोडायचं नाही असं ठरलं. माझी बायको रोज कामावरून येताना तिथे जाऊन गॅसचं बटण बंद आहे का ते पाहायची. ते खुर्चीत बसून तिला ते करताना बघत राहायचे.

गाडी दुरुस्त करून मी बायकोला दिली. तिचं काम घरापासून दहा मिनिटांवर, त्यामुळे आठ महिने काही झालं नाही.

मग एका दुपारी तिचा फोन आला. मोठ्या रस्त्यावर काम चालू होतं, पाऊण तास वाहनं तुंबली होती.

"बंद पडली. चालता चालता. स्टिअरिंग वळत नाहीये, मी कशीबशी कडेला घेतली." ती थांबली. "अगदी बाबा सांगायचे तशी."

"चावी फिरवू नकोस. बॉनेट उघडू नकोस. गार होऊ देऊ नकोस," मी म्हणालो, आणि यंत्र पिशवीत टाकून स्कूटरवरून निघालो.

पोचलो तेव्हा बॉनेटवर हात ठेववत नव्हता. यंत्र जोडलं आणि तिला स्टार्टर मारायला सांगितलं. इंजिन फिरत होतं, कानाला ऐकू येत होतं. पण स्क्रीनवर इंजिनाचे फेरे शून्य. पुन्हा मारला. शून्य.

मला तिथेच कळलं. इंजिनात एक मुख्य दांडा असतो, क्रँकशाफ्ट. त्याच्याजवळ अंगठ्याएवढा एक सेन्सर बसवलेला असतो. दांडा फिरतोय की नाही एवढंच तो गाडीच्या कॉम्प्युटरला सांगतो. तो गप्प झाला की कॉम्प्युटरला वाटतं, गाडी कुणीतरी बंद केली. मग तो पेट्रोल तोडतो, ठिणगी तोडतो, आणि दोषही नोंदवत नाही, कारण त्याच्या लेखी दोष झालेलाच नसतो. इंजिन थांबलं की स्टिअरिंगला आणि ब्रेकला मिळणारी त्याची मदतही थांबते.

ओढून आणेपर्यंत गाडी गार झाली आणि अर्थातच सुरू झाली. मी ती लिफ्टवर घेतली. सेन्सर सायलेन्सरच्या पाइपाला अगदी खेटून होता. एकच बोल्ट, पण गंजलेला. तेल मारून अर्धा तास थांबलो. बोल्ट निघाला तरी सेन्सर भोकात फुगून बसलेला. हळूहळू डावीउजवीकडे वळवत ओढला, तेव्हा कुठे बाहेर आला. टोकाला लोखंडाचा बारीक कीस चिकटला होता.

मीटर लावला. गार असताना आकडा बरोबर. मग गरम हवेचं पिस्तूल त्याच्यावर धरलं. बायको शेजारी उभी होती. दीड-दोन मिनिटं आकडा हळूहळू चढत गेला आणि एकदम नाहीसा झाला. आतली केसासारखी तार तापून कुठेतरी तुटत होती. सेन्सर पाण्यात बुडवला, थोड्या वेळाने आकडा परत आला. पुन्हा तापवला, पुन्हा गेला.

"म्हणजे बाबा जागे होते," बायको म्हणाली.

मी पिस्तूल बंद केलं.

"आठ महिने मी त्यांचा गॅस तपासतेय रे."

ती बाहेर जाऊन उभी राहिली. मी भोक पुसलं, नव्या सेन्सरच्या रबरी कड्याला तेलाचं बोट लावलं, तो दाबून बसवला, बोल्ट आवळला आणि वायर पाइपापासून लांब बांधली. नवा बसवायला सगळी मिळून वीस मिनिटं. तासभर गाडी भर उन्हात पळवली, कुठेच बंद पडली नाही.

मग खण उघडला. कागद पाण्याच्या बिलांखाली तसाच होता. निरीक्षकाचं सुबक अक्षर. सहा नोंदी, आणि खाली रेघ मारून लिहिलेलं: 'गार असताना कधीही नाही. चाळीस मिनिटांहून जास्त चालल्यावरच. गरम झाल्यावर बंद. तपासताना कृपया गाडी आधी तापवावी.'

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांच्याकडे गेलो. सेन्सर त्यांच्या समोर टेबलावर ठेवला आणि सगळं सांगितलं. त्यांनी तो उचलून पाहिला, तळहातावर तोलला.

"मला आठवायला लागलं होतं," ते म्हणाले.

"काय?"

"डुलकी. तुम्ही सगळ्यांनी इतक्या वेळा सांगितलंत की मला दिसायला लागली. मान खाली जातेय, डोळे मिटतायत. रोज दिसायची. मी स्वतःला शिव्या घालायचो."

"माझं चुकलं, बाबा."

"हो," ते म्हणाले. मी आणखी काही ऐकायची वाट पाहिली, पण तेवढंच होतं. मग ते उठले, कपाटातून इस्त्रीचा शर्ट काढला. "चला. सगळ्यांसमोर सांगितलं होतंत, आता हेही सगळ्यांसमोर सांगा."

मेव्हण्याच्या घरी मी सांगितलं. उभा राहून, सगळं. स्क्रीनवरचं शून्य, मीटर, न वाचलेला कागद. मेव्हणा ऐकत होता, त्याची बायको स्वयंपाकघराच्या दारात उभी होती, सासूबाई पलंगावर उशीला टेकून बसल्या होत्या.

"ठीक आहे," मेव्हणा म्हणाला. "कळलं ते बरं झालं. पण आता उकरून काय करायचं? या वयात बाबांनी गाडी चालवू नये हे तर खरंच आहे ना?"

"विषय तो नाहीये," सासरे म्हणाले.

"मग काय आहे? माफी हवीय का? बरं, चुकलं आमचं."

हे त्याने असं म्हटलं, जसं उशिरा आलेल्या मुलाला वर्गात येऊ देतात. सासऱ्यांनी त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. ते सासूबाईंकडे वळले.

"ऐकलंस ना? मी जागा होतो."

"मला माहीत आहे," सासूबाई म्हणाल्या.

कुणालाच पटकन अर्थ लागला नाही.

"माझ्याशी भांडत होतात की तुम्ही. झोपलेला माणूस भांडतो होय?"

"आई," माझी बायको म्हणाली, "मग तू बोलली का नाहीस?"

"मला विचारलं कुणी? तुम्ही सगळे आपसात ठरवून मोकळे झालात." त्यांनी पायावरची चादर ओढून सारखी केली. "आणि खरं सांगू? पंचेचाळीस वर्षांत या माणसाची एकदाही चूक झाली नाही. मीठ जास्त पडलं ते माझ्यामुळे, गाडी चुकली ती माझ्यामुळे. म्हटलं, एकदा होऊ दे यांची."

सासरे उभेच होते. "एवढ्यासाठी?" त्यांचा आवाज पार बसला होता. "एवढ्यासाठी मला वेडा ठरू दिलंस?"

"कशावरून भांडत होतो आपण, ते आठवतंय का?" सासूबाईंनी विचारलं.

त्यांनी खिडकीकडे मान वळवली.

"मी म्हणत होते, तास होत आला, ऊन आहे, पुलाच्या आधी थांबू, ती बंद पडेल. तुम्हीच मला वाचून दाखवला होता ना तो कागद? चाळीस मिनिटं, चाळीस मिनिटं. आणि तुम्ही म्हणालात, 'गाडीतलं तुला काय कळतं.'"

"यांनी गाडी ठणठणीत आहे म्हणून सांगितलं होतं," सासरे माझ्याकडे बोट करून म्हणाले.

"तुमचा विश्वास बसला होता त्यांच्यावर?"

सासऱ्यांचं बोट काही क्षण माझ्यावर रोखलेलं राहिलं, मग खाली आलं.

"नव्हता," ते म्हणाले.

मेव्हण्याची बायको चहा टाकते म्हणाली. सासरे चपला घालून निघाले. मी मागोमाग गेलो, सोडतो म्हणालो. त्यांनी हातानेच नको म्हटलं आणि चालत गेले.

लायसन्स त्यांनी मुलाकडून मागून घेतलं. डोळे तपासून घेतले, गाडी चालवायची परीक्षा पुन्हा दिली आणि पहिल्या खेपेला पास झाले. हे आम्हाला त्यांच्या शेजाऱ्यांकडून कळलं. गाडी मात्र त्यांनी मागितली नाही, मी चावी नेऊन दिली तेव्हा घेतलीही नाही. सासूबाई अजून मेव्हण्याकडेच आहेत. आता वॉकरशिवाय चालतात, एकेक पायरी घेत जिना चढू शकतात. डॉक्टरांनी तसं सांगितल्यालाही चार महिने झाले. त्यांना न्यायला कुणी आलेलं नाही, आणि त्यांनीही जाते म्हटलेलं नाही.

मी अजून महिन्यातून एकदा सासऱ्यांकडे जातो. ते दार उघडतात, बसा म्हणतात, हवापाण्याचं विचारतात. माझ्या धंद्याबद्दल एक शब्द काढत नाहीत.

गाडी बायकोच चालवते. परवा गाडीचं ऑइल बदलायची वेळ झाली म्हणून मी बॉनेट उघडलं, तर तेल नवंकोरं होतं आणि फिल्टरवर दुसऱ्या गॅरेजचा स्टिकर होता. संध्याकाळी तिला विचारलं.

"हो, तिकडे टाकली होती मागच्या आठवड्यात," ती भांडी लावता लावता म्हणाली. "ते लोक सांगितलेलं ऐकून घेतात."