बाबांची हरकत

कोर्टाच्या व्हरांड्यात आमचा पुकारा कधीही झाला असता आणि बाबांचा पत्ता नव्हता. वकीलबाई एकदा घड्याळाकडे, एकदा माझ्याकडे बघत होत्या, जणू मीच त्यांना कुठेतरी दडवून ठेवलं होतं. नवरा जिन्याच्या तोंडाशी उभा होता. परदेशातल्या लिफ्ट कंपनीने त्याला बजावलं होतं, या आठवड्यात पासपोर्ट दाखवा, नाहीतर जागा दुसऱ्याला. आणि पासपोर्ट अडला होता माझ्याच बापाच्या तक्रारीपायी.

तक्रार जुनी. मी सज्ञान होते, स्वतःच्या मर्जीने घराबाहेर पडले आणि लग्न केलं. बाबांनी पोलिसांत लिहून दिलं की या लिफ्टवाल्याने पोरीला फूस लावून पळवून नेली. पुढे आमची मुलगी, पिल्लू, झाली आणि तिला बघायला म्हणून आलेले बाबा विरघळलेच. आता जावयाशिवाय त्यांचा रविवार जात नाही. घरात समेट झाला म्हणजे केसही मिटली, असं आम्ही धरून चाललो. कोर्टाला कुणी कळवलंच नाही! समन्स जुन्या भाड्याच्या खोलीवर जात राहिली. पासपोर्टच्या अर्जात 'तुमच्यावर खटला आहे का?' असं विचारलं होतं, तिथे नवऱ्याने बेधडक 'नाही' लिहिलं. पोलीस चौकशीत सगळं उघड झालं, वर माहिती लपवल्याचा ठपका. आधी कोर्टाची परवानगी आणा, पासपोर्टवाले म्हणाले.

"सोपं आहे," वकीलबाई म्हणाल्या होत्या. "तक्रारदाराने उभं राहून हरकत नाही म्हणायचं, की झालं."

सोपं म्हणे! पहिल्या तारखेला बाबांचा गुडघा धरला. दुसरीला त्यांच्या चष्म्याच्या दुकानात कुणी महत्त्वाचं गिऱ्हाईक आलं. गुडघा धरला त्याच दुपारी मी दुकानावरून गेले, तर बाबा शिडीवर चढून वरच्या फळीवरच्या फ्रेमा पुसत होते. माझं डोकंच फिरलं.

"आता नाही वाटतं दुखत गुडघा?"

"गुडघा माझा आहे की तुझा?"

"तुम्हाला ही केस मिटायलाच नकोय, बाबा."

ते खाली उतरले नाहीत. "पिल्लूचा चष्मा झालाय, घेऊन जा," एवढंच बोलले.

मी तणतणत घरी आले आणि आईला फोन लावला. ती म्हणाली, "मागे तू गेलीस तेव्हा या माणसाने जेवण टाकलं होतं. जरा जपून बोल." मला वाईट वाटलं, पण राग जास्त होता. माझ्या नवऱ्याच्या पायात बेडी घालून मला जवळ ठेवायचं, ही कुठली माया?

आमचा पुकारा झाला. आम्ही आत शिरलो आणि मागोमाग बाबा आले, इस्त्रीचा शर्ट घालून, कुणाकडेही न बघता. माझा जीव भांड्यात पडला. पण वकीलबाईंचा चेहरा सैलावला नाही.

न्यायाधीश बाईंनी कागद चाळले. "मुलीला फूस लावून पळवून नेलं, असं तुम्ही लिहून दिलंय. खरं आहे?"

"खोटं आहे," बाबा म्हणाले. "ती स्वतःच्या पायाने गेली. मला तेव्हाही ठाऊक होतं."

नवऱ्याने माझा हात घट्ट दाबला.

"मग याला पासपोर्ट मिळायला तुमची हरकत नाही ना?"

वकीलबाई खाकरल्या.

"आहे," बाबा म्हणाले.

"काय हरकत आहे?"

"तेव्हा त्याने पळवली नव्हती, बाई. आता खरंच घेऊन चाललाय. तिलाही, नातीलाही."

मागच्या बाकावर कुणीतरी हसलं. न्यायाधीश बाई हसल्या नाहीत. त्यांनी पेन खाली ठेवलं. "त्याला कलम नाही हो, काका."

"नाहीच का?" बाबांनी खरंच विचारलं.

"नाही."

बाबांनी मान हलवली. "मग हरकत नाही, असं लिहा."

परवानगी मिळाली. कारकुनाने दाखवलं तिथे बाबांनी सही केली आणि पेन परत दिलं. मला रडू आवरेना. नवरा माझा हात धरून दाराकडे निघाला, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच मला त्याच्यामागून जावंसं वाटेना.