झोपडीतलं घरटं

आमच्या जंगलातल्या बालवाडीला भिंती नाहीत, त्यामुळे तपासनीस बाई नक्की कुठून आत आल्या ते सांगता येत नाही. पण आल्या. नगरपालिकेच्या आस्मुसेन बाई. हातात मोजपट्टी, पायात स्वच्छ बूट. बूट चार मिनिटं स्वच्छ राहिले.

मुलांनी गेल्या वर्षी वाळुंजाच्या ओल्या काठ्या जमिनीत रोवून एक झोपडी विणली होती. काठ्यांना मुळं फुटली, पानंही. बाईंनी त्यातल्या दोन काठ्यांमधली फट मोजली.

"चौदा सेंटीमीटर. पोराचं डोकं अडकेल. शुक्रवारपर्यंत झोपडी काढून टाका."

"फट विणून बुजवतो की," मी, मुलांचा शिक्षक, म्हणालो.

"मग ती नवी झोपडी ठरते. नव्या झोपडीला आधी परवानगी लागते."

सात वर्षांखालची अकरा माणसं झोपडीच्या दाराशी गोळा झाली. मग पाच वर्षांच्या वीब्केनं विचारलं, "आत पक्ष्याचं घरटं असलं तर?"

"तर सप्टेंबर संपेपर्यंत हात लावता येत नाही."

हा कायदा आमच्याकडे पोरांना पाठ असतो. प्रत्येकाच्या आजोबांना घरट्यांच्या दिवसांत झुडपांचं कुंपण छाटताना शेजाऱ्यांनी एकदा तरी पकडलेलं असतं.

बाई पलीकडचा घसरायचा ओंडका मोजून परत आल्या, तर झोपडीत शेवाळाचं घरटं होतं. घरट्यात एक अंडं. लाल, वर पिवळे ठिपके. ईस्टरला घरोघरी अंडी उकडून रंगवतात, आणि ईस्टर होऊन तीनच दिवस झाले होते.

"पक्षी कोणता?" बाईंनी मला विचारलं.

"दुर्मिळ असावा."

"उकडलंय ते," वीब्केच्या शेजारचा छोटा योंटे म्हणाला.

वीब्केनं त्याला कोपर मारलं. "म्हणजे गरम आहे. आई आत्ताच उठून गेलीये."

बाईंनी अंड्याकडे बराच वेळ पाहिलं. "मग आई परत येते का ते बघावं लागेल. तासभर. लांबून."

त्या ओंडक्यावर बसल्या, थर्मासमधून कॉफी ओतून घेतली. आम्हीही बसलो. चाळीस मिनिटं झाली. वीब्के नखं खायला लागली. एकावन्नाव्या मिनिटाला योंटे उठला, रांगत झोपडीत शिरला, हात पंखांसारखे काखेत घातले आणि घरट्यावर अलगद टेकला. टरफल फुटल्याचा आवाज आला.

बाईंनी घड्याळ पाहिलं, फॉर्मवर लिहिलं आणि वाचून दाखवलं. "अकरा वाजून वीस मिनिटं. पक्षीण परतली. झोपडी तीस सप्टेंबरपर्यंत हलवू नये. फट आजच बुजवावी, घरट्याला वारा लागतो."

"पक्षिणीला उठू द्यायचं का?" मी विचारलं.

"मी गेल्यावर," बाई म्हणाल्या.