बुडालेल्यांचा निरोप

लिओनार्ड पास्कचं नाव कुणाला ठाऊक नव्हतं, चेहरा मात्र सगळ्यांनी कुठे ना कुठे पाहिलेला असायचा. तीस वर्षांत त्यानं बटलर केले, हवालदार केले, बँकेतले कारकून केले. "गाडी आली आहे, साहेब," एवढं म्हणून अदबीनं दार लावून घेण्यात त्याचा हातखंडा होता. त्यामुळे इंग्लंडमधल्या सफोकच्या किनाऱ्यावर, थॉर्नेस बंदरात टीव्हीच्या एका नाटकाचं चित्रीकरण ठरलं आणि त्यातली मासेमारी बोटीच्या बुडून मेलेल्या तांडेलाची भूमिका त्याच्याकडे आली, तेव्हा तो हरखून गेला. मेलेला तांडेल घरी परततो आणि दारात उभा राहतो. वाक्यं मोजकीच होती, पण नाटक त्याचं होतं.

पहिल्या दिवशी मेकअपवाल्या मॉरीननं त्याच्या तोंडाला हिरवट रंग फासला, केसांवर पाणी ओतलं आणि तो धक्क्यावर जाऊन उभा राहिला. तिथे बायका हेरिंग मासळी साफ करत होत्या. चहाच्या सुट्टीत त्यांच्यातली एक उठून त्याच्यापाशी आली. हेस्टर गॅरड तिचं नाव, सत्तरीची असेल. तिनं एप्रनला हात पुसले आणि बाजारातून आलेल्या माणसाला विचारावं तसं विचारलं, "आमच्या आर्थरला कुठं सोडलंत?"

बाई, मी नट आहे, असं तो सांगणार होता. तोंडातून निघालं ते भलतंच.

"सुकाणूपाशी. झोपला होता. त्याला काही कळलंच नाही."

म्हातारीनं मान हलवली. "झोपाळूच होता मेला," म्हणाली, आणि पुन्हा मासळीपाशी जाऊन बसली.

मॉरीनच्या हातातला कप तसाच राहिला. होपवेल नावाची बोट काही वर्षांपूर्वी सगळ्या माणसांसकट बुडाली, त्यातला आर्थर हा हेस्टरचा मुलगा, हे तिला ती उतरली होती त्या घराच्या मालकिणीकडून कळलं होतं. लिओनार्डला तिनं काही सांगितलं नव्हतं. तुला कुणी सांगितलं, असं तिनं विचारलं, तेव्हा तो म्हणाला की कुणी नाही, पाठ केलेलं वाक्य येतं तसं आलं. त्याचे हात गार पडले होते. शेकोटीपाशी बसूनही ते दिवसभर गरम झाले नाहीत.

दुसऱ्या दिवशी बायका काम टाकून त्याची वाट पाहत उभ्या होत्या. दिग्दर्शक तरुण होता. लोक चित्रीकरण बघायला जमलेत असं वाटून तो खूश झाला. लिओनार्डनं एकीला सांगितलं, की तुझ्या नवऱ्यानं शेवटी धाकटीचं नाव घेतलं. दुसरीला सांगितलं, की तुझा भाऊ बूट काढत होता, एकच निघाला. वाक्य आधी ओठांवर यायचं, अर्थ मागून कळायचा. त्याला भीती वाटत होती. आणि सुखही वाटत होतं, याची त्याला लाज वाटली. आजवर एकाही प्रेक्षकानं त्याचा शब्द असा झेलला नव्हता.

सगळ्यांत शेवटी आयव्ही कॅचपोल आली, अंगावर काळे कपडे.

"माझा सिरिल?"

लिओनार्डनं तोंड उघडलं. काहीच आलं नाही.

"बोला की. नट आहात ना? काहीतरी सांगा मला."

एवढ्या वर्षांच्या नटाला एक वाक्य रचून म्हणणं काय जड होतं? पण जीभ हलेना. शेवटी जेमतेम आवाज फुटला.

"बाई, ते तिथं नाहीत."

आयव्ही मासळीच्या खोक्यावर बसली. "मला वाटलंच होतं," ती हळू आवाजात म्हणाली. बाकीच्या बायका तिच्यापासून मागे सरल्या.

वसंतात दुसऱ्या एका सेटवर मॉरीन भेटली, तेव्हा पुढचं कळलं. सिरिल कॅचपोल वर उत्तरेला, ग्रिम्सबी बंदरात जिवंत सापडला होता. जाळी विणायचा, दुसरी बायको होती, मुलं होती. होपवेल निघाली त्या पहाटे तो बोटीवर चढलाच नव्हता. आयव्हीनं काळे कपडे चुलीत घातले आणि गाव सोडलं. कुठे गेली ते कुणाला माहीत नाही.

नाटक एका रविवारी टीव्हीवर लागलं, आणि वर्तमानपत्रानं परीक्षणात लिओनार्डला कौतुकाची अर्धी ओळ दिली. त्या अर्ध्या ओळीवर कामं येऊ लागली: भूत, प्रेत, फाशी गेलेला कैदी. त्यानं एकूण एक नाकारली.

"मेलेली माणसं तुला शोभतात, लिओनार्ड," त्याचा एजंट वैतागून म्हणायचा.

"मला हवालदार दे," लिओनार्ड म्हणायचा. "नाहीतर बटलर. म्हातारा होऊन पेन्शन घेणारा."