सहा वेळा उलटलेला तास

मी वाळूचं घड्याळ बोलतोय. जरा सावकाश बोलेन. जग जितके तास जगलं त्याहून कितीतरी जास्त तास मी जगलोय, आणि त्यातले पुष्कळसे तेच ते होते.

माझी वाळू उलट्या वाहणाऱ्या नदीतली. मला घडवणाऱ्या कारागिराला वाटलं, साधंच घड्याळ झालंय. पण वरची वाळू संपायच्या आत मला पालथं केलं, की तो तास साऱ्या जगासाठी पुन्हा पहिल्यापासून सुरू होतो. सगळे सगळं विसरतात. पालथं करताना ज्यांचा हात मला लागलेला असतो, त्यांनाच काय ते आठवतं. आणि मला. शेवटचा कण पडला की मात्र गेलेला तास मलाही परत आणता येत नाही.

माझ्यावर गाणी रचली गेली, माझ्यापायी तीन राज्यं बुडाली. एका राजाने एकच लढाई नऊ वेळा लढून नऊ वेळा हरून दाखवली. दर वेळी तो सेनापतीवर ओरडायचा आणि त्या बिचाऱ्याला वाटायचं, आज पहिल्यांदाच ओरडतोय.

असा हातोहाती फिरत मी एका भंगारवाल्याच्या टोपलीत आलो. तिथून मला एका रंगारणीने उचललं. कापड निळ्या हौदात बरोबर तासभर ठेवावं लागतं, थोडं जास्त राहिलं की काळवंडतं. त्यासाठी तिला घड्याळ हवं होतं. माझी करामत कळल्यावर ती एवढंच म्हणाली, "बरं झालं. एखादा तागा बिघडला तर धुवत बसायला नको." राजांना माझ्या जोरावर जग हवं होतं. हिला निळा रंग नीट यायला हवा होता. तिने माझं नाव वाळूबा ठेवलं.

त्या घरात एक रीत होती. रंगाने हात बुळबुळीत झालेले असत, म्हणून मला कधी एकट्याने उलटायचं नाही. एकीने माथा धरायचा, दुसरीने बूड. माथा सासूचा, म्हणजे त्या रंगारणीचा, बूड सुनेचं. सासू तोंडाची फटकळ. "सूनबाई, बूड धर, झोपू नकोस!" हे मी इतक्या वेळा ऐकलंय की ते माझ्या काचेवर उमटलं कसं नाही, याचं नवल वाटतं.

मग म्हातारीला धाप लागू लागली. तिसऱ्या आठवड्यात वैद्याने सुनेला बाजूला घेऊन सांगितलं, "आजची संध्याकाळ काही त्या बघतील असं दिसत नाही." म्हातारीचा मुलगा दूरच्या बाजारात कापड विकायला गेलेला. निरोप पोचला होता, तो निघालाही होता. डोंगराच्या पायथ्याशी त्याला कोणीतरी पाहिलं होतं. फक्त चढ तेवढा उरला होता.

दुपारी सुनेने मला खाटेजवळच्या स्टुलावर ठेवलं. वाळू संपत आली आणि म्हातारीचे डोळे फिरू लागले. सुनेने मला उचललं आणि सवयीने माझा माथा सासूच्या हातात दिला. म्हातारीनेही सवयीनेच तो धरला. मी पालथा झालो. तास पुन्हा सुरू झाला.

पुन्हा तीच दुपार. पुन्हा शेजारीण चाळणी मागायला आली. "कशा आहेत गं आता?" सून सासूच्या पायांना तेल चोळत राही, तिचं तुटक बोलणं ऐके न ऐके, मधूनच उठून दारात जाऊन रस्त्याकडे बघे. रस्ता रिकामाच. वाळू संपत आली की पुन्हा मला उचलायचं. सहा वेळा असं झालं. सहाव्यांदा उलटल्यावर शेजारीण उंबऱ्यात पाय ठेवते न ठेवते तोच सूनच म्हणाली, "तशाच आहेत, आणि चाळणी खुंटीला आहे." ती बाई तोंड वासून बघतच राहिली.

ती गेल्यावर म्हातारी हसली. हसताना खोकली. मग म्हणाली, "सूनबाई, अजून किती वेळा चढवणार आहेस माझ्या लेकाला तो डोंगर?"

सुनेला काही कळेना.

"अगं, तास मागे जातो तेव्हा तोही मागेच जातो ना! तू मला थांबवतेस आणि तिकडे तो पुन्हा पायथ्याशी."

सुनेच्या हातातली तेलाची वाटी कलंडली. "अहो आई... माझ्या लक्षातच आलं नाही."

"मलाही कळायला दोन खेपा लागल्या."

"मग बोलला का नाहीत?"

म्हातारीने बराच वेळ श्वास गोळा केला. "बारा वर्षं झाली तुला या घरात येऊन. कधी तासभर तुला जवळ बसू दिलं का मी? सारखं आपलं बूड धर, बूड धर. म्हटलं, आता बसलीये तर बसू दे." मग ती हळूच म्हणाली, "पण दर खेपेला ही धाप पुन्हा पहिल्यापासून लागते गं. आता नको."

त्या तासाला सून दारात गेली नाही. म्हातारी अडखळत बोलत होती, ती ऐकत होती. निळ्यात राख केव्हा घालायची ते झालं. मुलगा लहानपणी पिवळ्या हौदात पडून आठ दिवस पिवळा फिरला होता, ते झालं. वाळू संपत आली तेव्हा सुनेचा हात माझ्याकडे आला. काचेला टेकला. आणि मागे गेला. तिने तोच हात सासूच्या हातात दिला.

शेवटचा कण पडला. तोवर म्हातारी गेली होती.

मुलगा थोड्या वेळाने पोचला, घामाघूम. खाटेशी मटकन बसला. रडून झाल्यावर त्याने विचारलं, "माझ्यासाठी काही बोलली का?"

"सात तास बोलल्या," सून म्हणाली. "तुम्ही आधी पाणी प्या. मी पहिल्यापासून सांगते."

आता मी फळीवर आडवा पडून असतो. सून हौदाचा तास उन्हावरून मोजते. माझ्यावर धूळ बसलीये आणि ती मला आवडते. कधी कुणाच्या हाती लागलो तर एक विनंती आहे. मला उलटू नका. कुणीतरी कुणासाठी चढ चढत असेल. त्याला वर येऊ द्या.