पत्ते पिसल्याचा अंगठा

माझ्या नातीचं वागणं मला पटत नाही, हे आधीच सांगून टाकते. जेवताना कागद वाचते, त्यांना खरकटी बोटं लावते, ते असो. पण बाजारात टोमॅटो दाबून दाबून घेणारी ही पोरगी छापील अक्षर दिसलं की हात जोडते. पन्नास वर्षांपूर्वी कुणा प्राध्यापकानं लिहिलं, म्हणजे ती काळ्या दगडावरची रेघ.

भुतं असतात का, एकाच्या मनातलं दुसऱ्याला कळतं का, मेल्यावर माणसातलं काही उरतं का, याचा तपास पूर्वी कुणी कसा केला, त्याचा इतिहास ती लिहिते आहे. पाच वर्षं झाली. टेबलं उडवणाऱ्या बायका, तोंडातून मलमल काढून आत्मा म्हणून दाखवणारे बुवा, सगळ्यांचं पितळ तिनं उघडं पाडलं. एकच प्रयोग तिच्या तपासातून खरा म्हणून सुटला. त्यावर चौथं प्रकरण उभं आहे, आणि सोमवारी प्रबंध द्यायचा आहे.

तो प्रयोग झाला त्या संस्थेत मी फरशी पुसत होते. लहानपणी मीच तिला तिथल्या गोष्टी सांगितल्या. एक सोडून.

गुरुवारी जेवताना ती म्हणाली, "आजी, ऐक, तू आहेस यात." आणि वाचलं, "पत्ते पिसण्याचे काम सफाई करणाऱ्या एका बाईंकडे होते. त्या निरक्षर असून त्यांची सचोटी संशयापलीकडची आहे."

मुलगा म्हणाला, "आई, सचोटी छापून आली तुझी. आता तरी कबूल कर, माझ्या चष्म्यावर तूच बसलीस."

"बसल्या त्या, मी पाहिलंय," सून म्हणाली.

सगळे हसले. मी घास तसाच ताटात ठेवला. सुनेला वाटलं, मीठ कमी पडलं.

निरक्षर, हे पहिलं खोटं. दुसरी पास आहे मी. पण प्राध्यापकांना अक्षर न येणारी बाई हवी होती, म्हणजे ती टिपणं वाचून कुणाला खबर देणार नाही. मी म्हटलं, नाही येत. आणि रोज सकाळी वहीत 'पत्ते पिसले' याखाली अंगठा दिला.

पंचवीस पत्ते होते. गोल, फुली, चौकोन, चांदणी आणि लाटा, प्रत्येकी पाच. मी ते सात वेळा पिसून डब्यात घालायचे. मग एका खोलीत मदतनीस एकेक पत्ता उचलून त्याच्याकडे टक लावून बसायचा, आणि भिंतीपलीकडच्या खोलीत घड्याळवाले त्याच्या मनातलं चित्र ओळखायचे. ओळखून झालं की मदतनीस भिंतीतल्या नळीतून ओरडून सांगायचा, काय होतं ते. त्यानं म्हणे मन तयार होतं.

घड्याळवाले म्हणजे चौकातल्या दुकानात घड्याळं दुरुस्त करणारे गृहस्थ. बायको वर्षापूर्वी गेलेली. बोलणं इतकं हळू की त्यांच्याशी भांडायचं तर कान पुढे करावा लागला असता. पंचवीसांत पाच बरोबर येणं म्हणजे आंधळ्याचा नेम. त्यांचे पाचच यायचे, कधी चार. प्राध्यापकांचा चेहरा रोज थोडा थोडा उतरत चालला होता.

मग थंडी पडली. सोड्याच्या पाण्यात तीन मजले पुसून माझी बोटं फुटली, भेगांतून रक्त यायचं. प्राध्यापकांनी बजावलं होतं, पत्त्यावर डाग पडला की तो पाठीवरून ओळखू येतो, सगळा प्रयोग फुकट. म्हणून मी पिसणं सोडलं. फडक्यात धरून गठ्ठा मधून कापायचा, खालचा भाग वर ठेवायचा, झालं. अक्कल चालवली असं वाटलं मला. रक्तापासून पत्ते वाचवले आणि अंगठा दिला.

पण गठ्ठा नुसता कापला तर काय बदलतं? सुरुवात बदलते. क्रम तोच राहतो. लाटांमागे चांदणी, चांदणीमागे परत चांदणी, मग गोल. ज्याचा जन्म एकामागून एक बारीक चाकं लावण्यात गेला, त्याच्या डोक्यात तो क्रम त्याच्याही नकळत बसत गेला. तिसऱ्या दिवशी नऊ आले, आठव्याला चौदा.

प्राध्यापकांनी मला बसायला खुर्ची दिली. तोवर 'ए, इकडे ये' होतं, आता 'बाई, या' झालं. आणि घड्याळवाले खोलीतून बाहेर आले ते पाणावलेल्या डोळ्यांनी. म्हणाले, "कानाशी कुणीतरी सांगतं हो. आवाज तिचाच आहे."

तेव्हा मला कळलं होतं. पत्ते लावताना मलाही क्रम पाठ झाला होता. आता बोटं भरत आली होती, पिसता आलं असतं. पण खुर्ची होती, 'बाई' होतं, आणि एका माणसाला बायको परत मिळाली होती. असे एकोणीस दिवस. कितवा पत्ता कोणता निघाला, हे मदतनीस रोज एका कागदावर लिहायचा; ते एकोणीस कागद म्हणजे नातीचं चौथं प्रकरण.

पुढे माझ्या थोरल्याच्या वेळी मला सातवा लागला नि मी काम सोडलं. नव्या बाईनं पत्ते नीट पिसले. पाच आले. मग चार.

पोर दोन महिन्यांचं झाल्यावर मी तिथं माझा राहिलेला जेवणाचा डबा आणायला गेले. व्हरांड्यातल्या बाकावर घड्याळवाले बसले होते. दुकान बंद, दाढी वाढलेली. मला म्हणाले, "बाई, तुम्ही होतात तेव्हा ती बोलायची. माझं काय चुकलं असेल? तिच्या आजारपणात एकदा ओरडलो होतो तिच्यावर. त्याचा राग धरला असेल का?"

जिभेवर होतं माझ्या. मी म्हटलं, "दमल्या असतील हो त्या."

ते मान हलवत राहिले. त्यानंतर दोन वर्षं रोज त्या बाकावर येऊन बसायचे, असं नवी बाई सांगायची. मग यायचे थांबले.

शुक्रवारी दुपारी मी नातीला म्हटलं, "ते एकोणीस कागद आण आणि जमिनीवर एकाशेजारी एक मांड."

"कशाला?"

"पंडितीण ना तू? मांड."

तिनं मांडले. मी गुडघे धरून खाली बसले आणि पहिल्या कागदावरच्या लाटांवर आणि त्यांच्यामागच्या दोन चांदण्यांवर बोट ठेवलं, मग दुसऱ्यावरच्या, मग तिसऱ्यावरच्या. पाचव्या कागदापर्यंत ती खुणा करत पोचली तेव्हा तिच्या हातातली पेन्सिल थांबली. मग मी सगळं सांगितलं, बाकासकट.

ती म्हणाली, "तेव्हाच का नाही सांगितलंस?"

"सांगणार होते. मग खुर्ची मिळाली."

ती कागद गोळा करायला लागली, एकावर एक, कडा जुळवून. म्हणाली, "आजी, प्राध्यापक गेले. घड्याळवालेही गेले. हे फक्त तुला नि मला माहीत आहे. त्यांनी लिहिलं तेच मी लिहिते आहे, त्यात माझं खोटं काय? आणि तुझं एवढं चांगलं लिहून आलंय, ते राहू दे ना."

आवाज अगदी मऊ होता. तो मी ओळखला. 'दमल्या असतील' म्हणताना माझा असाच लागला होता.

मी तिचा हात धरून कागद परत खाली ठेवायला लावले आणि म्हटलं, "हे बघ. मेलेल्या बायकोची माफी मागत एक माणूस दोन वर्षं बाकावर बसला, कारण मी गप्प बसले. त्याला आता औषध नाही. तू अजून काही केलेलं नाहीस. हे कागद बांधून ठेवलेस तर माझी नात शोभशील, आणि तशी नात मला नको. सोमवार हुकला तर हुकू दे. पत्ते पिसले नव्हते, नुसते कापले होते, असं लिही. कुणी कापले तेही लिही, नावानिशी. आणि आधी तो सचोटीचा शब्द खोड. माझ्यासमोर खोड."