येतुंडे म्हणजे आई परत आली

बारशाचा केक माझ्या भावाने लागोसहून मागवला होता. वर गुलाबी साखरेत लिहिलं होतं, ‘येटी’.

हे नाव नीट लिहायचं तर येतुंडे. जुनी माणसं इयेतुंडे लिहीत. कोणी अक्षरांवर टिंबं-रेघा देतं, कोणी गाळतं. त्याने काही बिघडत नाही. बोयेगादादाने मात्र ते साबणाच्या वडीवर शोभेल इतकं छाटलं होतं. लंडनमध्ये चार वर्षं राहून त्याने मिळवलेली विद्या ती एवढीच.

अर्थ सरळ आहे. आई परत आली. आजी गेल्यावर घरात जी पहिली मुलगी जन्मते तिचं हे नाव. इयाबो, येवांडे, येजिदे ही त्याचीच भावंडं. पूर्वी ते कोणी आवडलं म्हणून ठेवत नसे. जाणत्याकडे जाऊन विचारायचं, घरात कोण आलंय? उत्तर मिळालं की बाप त्या पोरीला ‘आई’ म्हणे आणि तिच्यावर हात उगारत नसे. माझी आई येवांडे होती, म्हणजे ‘आई मला शोधत आली’. ती सांगायची, “आजीच्या नावाने मार चुकला, पण आजीला आवडायची म्हणून कडू पाल्याची भाजी जन्मभर ताटात आली.”

आता नाव फोनवर शोधतात. सोबत लाडाचं रूपही मिळतं.

आई गेली तेव्हा हार्मटनचे धुळकट वारे सुटले होते. बारशाच्या दिवशी आंबे उतरत होते, आणि ती अजून शवागारातच होती. आमच्या आबेओकुटा शहरात पैसेवाल्या मुलाची आई लगेच पुरत नाहीत. आधी घराला रंग, मग मंडप, मग वादक, मग साऱ्या गोतावळ्याला एकाच नमुन्याचं कापड. मेलेल्या माणसाला घाई नसते, असं धरून चालतात.

माझ्या आईला होती. तिने जन्मभर निळीत कापड रंगवलं. तिची नखं कधी पांढरी दिसली नाहीत. थंडी तिला मुळीच सोसत नसे. भर उकाड्यात ती पंखा बंद करायची. शेवटच्या आठवड्यात माझा हात धरून म्हणाली होती, “बिंपे, त्या बर्फात ठेवू नका गं मला. मागच्या अंगणात, निळीच्या रांजणांपाशी पुरा. लगेच.”

मी दादाला सांगितलं. पुन्हा पुन्हा सांगितलं.

“चोरासारखी उरकली म्हणतील लोक,” तो म्हणाला.

“आणि ती काय म्हणेल?”

“ती गेली गं, बिंपे. तिला काय कळतंय?”

ते वाक्य मी जपून ठेवलं.

बारसं आठव्या दिवशी. आबेओकुटाच्या घरीच, कारण दादाच्या लागोसच्या घरात फोटोला जुनेपणा येत नाही. मध, मीठ, कोलाच्या कडू बिया, पाण्याचा वाडगा, सगळं मांडलेलं. वडिलांची थोरली बहीण, आमची अजोकेआत्या, बाळाला मांडीवर घेऊन बसली होती. आमच्या घराण्यात नाव तिच्या तोंडून गेल्याशिवाय लागत नाही. भोवती पाहुण्या बायका बाळात आई शोधत होत्या. “कपाळ बघ, तेच!” “कान तर हुबेहूब येवांडेचे!” यातल्या एकीनेही शेवटच्या दोन वर्षांत आईच्या कानाशी येऊन ‘कशी आहेस’ विचारलं नव्हतं.

अंगणात वीस माणसं, तरी दादाने ध्वनिक्षेपक हातात घेतला. “आमची आई आम्हाला सोडून राहू शकली नाही,” तो म्हणाला. “ती परत आली आहे. येतुंडे!” गळा भरून आला, तो फोटोवाल्याकडे तोंड करून. मग त्याच दमात, “आणि हो, आईच्या अंत्यविधीचं कापड आलंय. जांभळं, सोनेरी काठाचं. दफन पुढच्या महिन्यात.”

मी आत्यापुढे गुडघे टेकले.

“आत्या, एक विचारू? अडाणी आहे मी, दादासारखी शिकलेली नाही.”

आत्याने कानामागे हात धरला. “मोठ्याने बोल. आणि खोटी नम्रता नको, तुझ्या घरात भिंतीपेक्षा पुस्तकं जास्त आहेत.”

“आई परत आली म्हणतात. मग पुढच्या महिन्यात पुरणार कोणाला?”

बायकांचं कपाळ-कान थांबलं. आत्याने बोटावर घेतलेला मध परत वाटीत पुसला.

“बोयेगा, येवांडेला पुरल्याशिवाय माझ्याकडे नाव मागतोस?”

“आत्या, ते मंडपवाल्याची तारीख—”

“मंडपवाल्याला जन्माला घालायचंय का? जी बर्फात अडकून पडलीय ती इथे कशी येईल? वाटेला तर लावलं नाहीस तिला. नाव नाही देणार मी.”

“आज आठवा दिवस आहे!”

“मला मोजता येतं. सूर्य अजून वर आहे.”

“एवढ्यात कसं शक्य आहे? शवपेटी इटलीहून—”

तेव्हा त्याची बायको सिमिसोला पहिल्यांदा बोलली. बाळंतीण, फिकी, सकाळपासून फोटोसाठी हसवलेली. “माझी लेक बिननावाची झोपणार नाही आज. इटली राहू दे. जा, आईंना घेऊन या.”

तो गेला. आईसाठी नाही, हे मला माहीत आहे. केकवर नाव लिहून झालं होतं म्हणून.

शेजारच्या पुरुषांनी रांजणांपाशी खणलं. आई साध्या लाकडी पेटीत आली. झाकण लावण्याआधी मी तिचा हात धरला. नखं निळीच होती. हात इतका गार होता की मी माझ्या पदरात गुंडाळला, जरा वेळ. मग तिच्याच हातचं एक रंगवलेलं कापड घालून माती दिली. वादक नव्हते. जांभळं कापड गाडीतच राहिलं. दादा दोनदा घड्याळाकडे बघून रडला.

ऊन भिंतीवरून उतरण्याआधी आत्याने बाळाच्या ओठांना मध लावला आणि ते नाव उच्चारलं, पुरतं, एकही अक्षर न गाळता. मग पोरगी माझ्या हातात दिली.

“गुडघे टेक. आई आहे तुझी.”

माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही. मी तिची नखं पाहिली. गुलाबी होती, कोणाचीही असतात तशी. तिला घेऊन मी आतल्या खोलीत गेले आणि पंखा बंद केला.

दादा घाम पुसत मागून आला. “अगं, एवढ्या उकाड्यात काय हे?”

“तिला थंडी सोसत नाही,” मी म्हटलं.