एस्टिलच्या मातीचं गाणं

ऑर्फा टॅकेटने चाळीस वर्षं नॅशव्हिलमध्ये गाणी लिहिली, पण रस्त्यात तिला कुणी ओळखलं असेल तर शपथ. गाणारे गात, टाळ्या घेत, नव्या मोटारी उडवत. ही आपली मागच्या खोलीत पेन्सिल चावत बसलेली. लिहिणाऱ्याने मागेच राहावं, असं ती सगळ्यांना सांगायची, आणि तसं तिला मनापासून वाटायचंही. एका गाण्याचं तेवढं सलत होतं.

ते तिने सतराव्या वर्षी केलं होतं, गावी, केंटकीच्या डोंगरात. शेजारचा एस्टिल खाणीत छत कोसळून गेला, त्याच्या मातीच्या आदल्या दिवशी. तिने ते कागदावर उतरवलंसुद्धा नव्हतं. तिकडे म्हणायची रीतच तशी. पाद्री एक ओळ भरभर सांगतो आणि सगळे ती लांबवत, हेलकावे देत म्हणतात. पुस्तक लागतंय कुणाला? त्या एका मातीतून गाणं खोऱ्याखोऱ्यांत गेलं. आता एक मोठी गायिका ते रेकॉर्डवर घेणार होती, 'पारंपरिक' म्हणून. ऑर्फाचं डोकंच फिरलं. पारंपरिक कसलं डोंबलाचं, करणारी बाई अजून धडधाकट आहे! प्रकाशक म्हणाला, गाणं जुळवताना हजर असलेल्या एका माणसाची सही आण, तुझं नाव छापतो. तसं माणूस एकच उरलं होतं, एस्टिलची बायको झेला. वय वर्षं नव्वद.

मे महिन्यात थडगी सजवायच्या रविवारी ऑर्फा कागद पर्समध्ये घालून गावी आली. टेकडीवरच्या दफनभूमीत सगळा गाव जमला होता. बायका मेणात बुडवलेली कागदी फुलं खोचत होत्या, झाडाखाली डबे उघडायची तयारी चालली होती. झेलामावशी एस्टिलच्या दगडापाशी खुर्ची टाकून बसली होती. ऑर्फा शेजारी गवतात टेकली, ख्यालीखुशाली झाली, आणि तिने पर्स उघडली.

तेवढ्यात पाद्र्याने ओळ सांगितली. तिचीच.

मग ती टेकडी गायला लागली. साथीला एक वाद्य नाही, हातवारे करून ताल देणारं कुणी नाही, पण दोनशे माणसं एका श्वासात चढत होती आणि एका श्वासात उतरत होती. पोरं गात होती, काठी टेकून उभे असलेले म्हातारे डोळे मिटून गात होते. तिसऱ्या कडव्यानंतर एक चौथं आलं, जे तिने कधी रचलंच नव्हतं, आणि ते तिच्या तिन्हींपेक्षा सरस होतं.  हे आपल्या हातून झालंय, यावर ऑर्फाचा स्वतःचाच विश्वास बसेना.

गाणं संपल्यावर मावशी दगडावरून हात फिरवत राहिली.

"हे त्याचं गाणं," ती म्हणाली. "गेला त्या दिवशीसुद्धा बुटांच्या नाड्या बांधता बांधता म्हणत होता. मी म्हटलं, पुरे झालं गाणं, उशीर होतोय. मग परत दाराशी आला आणि मुद्दाम अख्खं कडवं म्हणून दाखवलंन मेल्याने. हसले गं मी. बरं झालं हसले."

ऑर्फाने मनात दिवस मोजले. तो गेल्यावर दोन दिवसांनी ते गाणं जन्मलं होतं. तिने म्हातारीच्या डोळ्यांत निरखून पाहिलं. तिथे शंकेचा लवलेश नव्हता. ती सकाळ तिला लख्ख दिसत होती. ऐकणाऱ्याला आपलंच वाटेल असं लिहावं म्हणून ऑर्फा चाळीस वर्षं झिजली, आणि हे पोरवयातलं गाणं आपल्या जन्माच्याही मागे जाऊन एका मेलेल्या माणसाच्या ओठांवर बसलं होतं. ते बायकोला निरोप देऊन आलं होतं. एक सही मागितली की ते दार, तो एस्टिल, ते हसू, सगळं खोटं पडणार होतं.

"तू तिकडे शहरात गाणीच लिहितेस ना गं?" मावशीने विचारलं.

"हो, मावशी."

"मग असं एखादं लिही की."

ऑर्फाने पर्स मिटली. "खूप प्रयत्न केला," ती म्हणाली. "नाही जमलं."

"असू दे पोरी," म्हणत मावशीने तिच्या खांद्यावर थोपटलं आणि सफरचंदाच्या केकचा मोठा तुकडा तिच्या हातावर ठेवला.